तिसरी बिजागरी

१

माझी पावलं तुम्ही ऐकलेली आहेत. शपथेवर सांगतो.

सिनेमात नायिका फणकाऱ्यानं जिना उतरून निघून गेली, तर ती टाचांची टकटक माझी. एकसष्ट वर्षांचा, पोट सुटलेला, उजवा गुडघा कामातून गेलेला बाप्या बायकांच्या सँडलमध्ये पाय कोंबून एका बंद खोलीत नाचतो, तेव्हा कुठं तुमच्या नायिकेला पावलं मिळतात. नायक खलनायकाच्या कानाखाली जाळ काढतो ना, तो जाळ म्हणजे मी ओल्या टॉवेलनं जुन्या गादीवर हाणलेला फटका. शूटिंगच्या वेळी हे आवाज नीट येत नाहीत, आले तरी वापरता येत नाहीत. मग नंतर पडद्याकडे बघत बघत एकेक आवाज हातापायांनी द्यावा लागतो. गेली अठरा वर्षं मी तेच करतो.

त्याआधी सगळं करून झालं. आलो तो सुतार म्हणून. रंगारी भांडून निघून गेला तेव्हा ब्रश हातात घेतला. मग दिवे लावले, दाढ्या-मिश्या चिकटवल्या, फिल्म कापली, जोडली, एकदा तर घोडा बुजला म्हणून घोड्याच्या मागच्या पायांच्या जागीही उभा राहिलो. मला सगळे बटाटा म्हणायचे. कुठल्याही भाजीत घाला, चालतो. पण बटाट्याचं नाव कुणी पाटीवर लिहीत नाही, तसं माझंही पडद्यावर कधी आलं नाही. मला त्याचं काही वाटलं नाही. खोटं कशाला बोलू, थोडं वाटलं.

सुतारकीची एक खोड मात्र सुटली नाही. कानामागे पेन्सिल. बायको म्हणते, झोपेतही हात कानाकडे जातो.

बायकोचं म्हणणं बरोबरच असतं. आमच्या लेकीचा जन्म झाला तेव्हा मी एका खोट्या दवाखान्याला पांढरा रंग देत होतो. लेकीच्या लग्नात अक्षता पडेपर्यंत मी पोचलो नव्हतो. "आज येतो लवकर" हे वाक्य मी चाळीस वर्षं बोललो आणि चाळीस वर्षं तिनं ते ऐकून घेतलं. आता लेकीनं आपल्या गावी आमच्यासाठी खोली तयार ठेवली होती. शनिवारी सकाळची गाडी. शुक्रवारचं माझं काम शेवटचं.

"शुक्रवारी अंधार पडायच्या आत घरात पाहिजे," ती म्हणाली. "मी दार उघडं टाकून बसते. आलात तर दोघं जाऊ. नाही आलात तर मी एकटी जाईन, आणि मग माझ्यामागं यायचंही नाही. सांगून ठेवते."

ती चिडून बोलली असती तर मी हसण्यावारी नेलं असतं. पण ती चादरी घडी करत शांतपणे बोलली. मला भीती वाटली.

२

माझी खोली स्टुडिओच्या मागच्या अंगाला, चार पायऱ्या उतरून. खिडकी नाही. जमिनीत चौकोन केलेले, एकात वाळू, एकात खडी, एकात फरशी, एकात लाकडी फळ्या. भिंतीशी जोड्यांचा ढीग, तुटक्या छत्र्या, साखळ्या, काचा. आणि खोलीच्या मधोमध चौकटीसकट उभं केलेलं एक दार. त्यातून ना आत जायचं ना बाहेर, फक्त आवाज काढायचा. वर तीन कड्या, खाली दोन कुलपं आणि बाजूला तीन बिजागऱ्या.

त्यातली मधली बिजागरी आमच्या घरची.

झालं असं, की आमच्या घराचं दार भारी कुरकुरायचं. आधी लांबलचक कूं आणि शेवटी छोटीशी उचकी. असा आवाज विकत मिळत नाही. एक दिवस मी स्क्रूड्रायव्हर घेतला, मधली बिजागरी काढली आणि कामावर आणून या दाराला ठोकली. तेव्हापासून घरचं दार दोनच बिजागऱ्यांवर लोंबतंय आणि तसंच कुरकुरतंय, फक्त अर्ध्या आवाजात. "लोक ऑफिसातून घरी आणतात," बायको शेजारणीला सांगायची, "आमचे हे घरातून नेतात. अर्धं दार तिकडे आहे, अर्धं इकडे."

काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट बसते. तिशीतली पोर, कानावर हेडफोन, तोंडात कायम बडीशेप. मला काका म्हणते आणि माझ्यापेक्षा चांगलं ऐकते.

बुधवारी सकाळी तिनं काम सांगितलं. "काका, जुना अर्धवट सिनेमा आहे. डबे कुठल्याशा गोदामात सापडले. चित्र आहे, आवाज गेलाय. जेवढं आहे तेवढं जपून ठेवणार आहेत म्हणे. एकच खोली, एकच माणूस, नुसती पावलं. तुमच्या डाव्या हाताचा मळ."

दिवे मालवले आणि पडद्यावर खोली आली.

पिवळ्या भिंती. डावीकडे खिडकी, मधे खुर्ची, उजवीकडच्या भिंतीत दार.

"अगं, ही खोली मी बांधलीय," मी म्हणालो.

"काय सांगता!"

"सदतीस वर्षं झाली. आणि ते दार आहे ना, ते दार नाहीये."

ती हसली. मी तिला सगळं सांगितलं. दिग्दर्शकाला सकाळपर्यंत त्या भिंतीत दार हवं होतं आणि माझ्याकडे ना लाकूड ना बिजागरी. मग प्लायवूडच्या सपाट भिंतीवर मी दार रंगवलं. चौकट, मूठ, मुठीची सावली, फटीची काळी रेघ, खालून येणारा उजेडसुद्धा. दुसऱ्या दिवशी चहावाला ट्रे घेऊन थेट भिंतीवर आपटला. सगळा सेट हसून हसून लोटपोट. मला दिवसभर शाबासक्या मिळाल्या.

"मग सिनेमा अर्धवट का राहिला?"

"आग लागली."

"कुणी गेलं...?"

"एक जण," मी म्हणालो. "चल, काम काढ. मला शुक्रवारी घरी जायचंय."

३

पडद्यावर पाठमोरा माणूस होता. मी त्याला ओळखलं.

सिनेमातला नायक काही दिवे लागेपर्यंत ताटकळत उभा राहत नाही. त्याच्या उंचीचा, त्याच्या बांध्याचा दुसरा माणूस त्याच्या जागी उभा करतात, त्याच्यावर दिवे बेततात. मग नायक येतो आणि हा बाजूला होतो. त्याला सगळे बदली म्हणायचे. तो आमच्याकडे आला आणि तिसऱ्याच दिवशी आग लागली. हे त्याच्यावर दिवे तपासतानाचं चित्रीकरण असणार. तो खिडकीशी उभा होता. मग वळून चालत खुर्चीपर्यंत आला आणि बसला. तोंड कुठंच दिसलं नाही. दिसायचं कारणही नव्हतं.

आवाज द्यायच्या आधी मी पावलं मोजून कागदावर लिहून घेतो. माझी पद्धतच आहे ती. लिहिलं: खिडकी ते खुर्ची, सात. मधे थांबत नाही.

जाड तळाचे बूट चढवले, फळ्यांवर उभा राहिलो. लाल दिवा लागला. तो चालला, मी चाललो. एक, दोन, तीन. इतकं सोपं काम मला कधी गेलं नव्हतं. एरवी डोळे पडद्याला चिकटवून ठेवावे लागतात, इथं नुसतं चालत राहिलं तरी जुळत होतं. चौथ्या पावलाला माझा गुडघा अडकला. मी थांबलो, दात-ओठ आवळले, उरलेली पावलं कशीबशी टाकली.

"पुन्हा घेऊ," मी म्हणालो. "गुडघ्यानं दगा दिला."

"कशाला? बरोबर आलंय की. तो पण थांबतोच ना तिथं."

तिनं चित्र मागं नेऊन दाखवलं. चौथ्या पावलाला पडद्यावरचा माणूस थांबला. उजव्या मांडीवर हात ठेवून, थोडा वाकून. मग उरलेली चार टाकून, एकूण आठ पावलांत खुर्चीशी गेला.

मी कागद बघितला. सात. मधे थांबत नाही. अक्षर माझंच होतं.

आता माझं वय बघा. गेल्याच महिन्यात मी चष्मा डोळ्यावर ठेवून घरभर चष्मा शोधला. तेव्हा चुकीचं मोजलं असेल, चुकीचं लिहिलं असेल. आधी बघितलेलं थांबणं डोक्यात राहिलं असेल आणि पायांनी आपसूक केलं असेल, असं मी स्वतःला समजावलं. पटलंही.

तरी जेवणाच्या सुट्टीनंतर मी एक गंमत केली. पुढच्या तुकड्यात तो खुर्चीवर नुसता बसून होता. पावलांचं कामच नव्हतं. लाल दिवा लागल्यावर मी उगाच उजवा पाय दोनदा आपटला.

बसल्या जागी त्या माणसानं उजवा पाय दोनदा आपटला.

काचेपलीकडे रेकॉर्डिस्टनं अंगठा वर केला. "झकास, काका!"

मी पायातले बूट काढले आणि संध्याकाळपर्यंत पुन्हा घातले नाहीत. डोकं दुखतंय म्हणून सांगितलं. ते खरंच दुखत होतं.

४

घरी खोकीच खोकी. बायको भांडी जुन्या वर्तमानपत्रात गुंडाळत होती. दार ढकललं तसं ते कुरकुरलं, आधी कूं, मग उचकी.

"आलात एकदाचे," ती न बघताच म्हणाली. "दुसऱ्यांचे राजवाडे बांधले या माणसानं, पण घरच्या दाराला कधी तेलाचं बोट लावलं नाही."

"तेल घातलं तर मी आलो हे तुला कळणार कसं?"

"ते मात्र खरं," ती म्हणाली आणि हसली. मग थांबून म्हणाली, "एवढी वर्षं या आवाजाचीच वाट बघितली. तोंड बघायला कुठं मिळत होतं? दाराचा आवाज आला की पान वाढायला घ्यायचं. पाठीमागं कोण आहे ते वळून बघायचीही गरज नाही."

मला तिला सांगायचं होतं. आजचं नव्हे, सदतीस वर्षांपूर्वीचं. तोंडापर्यंत आलं होतं. तेवढ्यात लेकीचा फोन आला, मग खोक्यांना दोऱ्या बांधायच्या होत्या, मग जेवणं झाली. चाळीस वर्षांच्या संसारात न सांगितलेली गोष्ट दोन दिवसांत काय सांगायची, म्हणून मी गप्प बसलो.

गुरुवारी मी पावलं टाकायला धजलो ती फक्त मोजून मापून. तो खिडकीशी गेला, मी गेलो. तो भिंतीच्या कडेकडेनं चालला, मी चाललो. दिवसभर तो त्या खोलीत फेऱ्या मारत होता आणि मी माझ्या. दुपारी माझ्या लक्षात आलं, की कागदावर मी काही लिहिलेलंच नाही. मोजायची गरजच पडली नव्हती. जरा मान दुखली म्हणून मी मागं वळून बघितलं, तर माझ्या मागं माझ्याच खोलीची भिंत होती. का कोण जाणे, मला ती पिवळी असेल असं वाटलं होतं.

"काका, तुम्ही घामाघूम झालाय," रेकॉर्डिस्ट म्हणाली. "उद्याचं उरलंय ते किरकोळ आहे. तो दाराशी जातो, ठोठावतो आणि संपतं."

५

आता सांगतोच.

आग दुपारची. वायर जळाली, पडदा पेटला, खोलीला वरून कापडाचं छत होतं, त्याखाली धूर कोंडला. सेटवरची खोली तीनच भिंतींची असते. चौथी बाजू कॅमेऱ्यासाठी मोकळी. चौथी भिंत गरज पडली तरच लावायची, आणि तिचे बोल्ट बाहेरून. हा नियम माझाच. आत असलेले सगळे त्या मोकळ्या बाजूनं पळाले. तिथं रोज काम करणाऱ्याला ते सांगावं लागत नाही.

बदली नवा होता. धुरात माणूस काय शोधतो? दार. आणि दार त्याला दिसलं. मी ते तितकं चांगलं रंगवलं होतं.

मी त्या वेळी त्या भिंतीच्या मागं होतो. सगळ्यांना सांगितलं, चहाच्या टपरीवर होतो. पण मी मागंच होतो, टेकू ठोकत. प्लायवूड किती जाड असतं? बोटाएवढंही नाही. एक लाथ घातली असती तर भोक पडलं असतं. पलीकडून ठोके आले. तीन. मग जरा थांबून दोन. घाबरलेल्या माणसाचे नव्हेत, कुणाच्या घरी गेल्यावर आपण देतो तसे, अदबशीर. त्याला वाटलं असेल, मागं कुणीतरी आहे, ते उघडतील.

मी पळालो. हातात हातोडी होती आणि मी पळालो. त्यानंतर माझ्या प्रत्येक कामाचं लोकांनी कौतुक केलं आणि प्रत्येक वेळी मला ते ठोके आठवले. लाज वाटते. तिला सांगितलं नाही ते या लाजेपायीच.

शुक्रवारी तीन वाजता आम्ही शेवटच्या तुकड्याला हात घातला. माणूस रंगवलेल्या दारासमोर उभा राहिला. हात वर केला. मी चौकटीतल्या दारावर बोटं टेकवली आणि मनाशी ठरवलं, फक्त दोन ठोके द्यायचे. दोनच.

हातानं तीन दिले. मग जरा थांबून दोन.

"सुंदर," रेकॉर्डिस्ट म्हणाली. मग तिनं कपाळाला आठी घातली. "काका, शेवटी तुम्ही हलू नका हं. पावलं आलीत."

"मी हललो नाही."

"ऐका मग."

तिनं मोठ्यानं लावलं. तीन ठोके, दोन ठोके. शांतता. आणि मग पळणारी पावलं. लाकडी जमिनीवर, पातळ तळाच्या चपला, तरुण, दमदार गुडघे. दूर दूर जाणारी. शेवटी लोखंडाचं काहीतरी जमिनीवर पडल्याचा आवाज.

हजारो माणसांची पावलं मी पायांनी काढलीत. माझी स्वतःची मला ओळखू येणार नाहीत? आणि हातोडी कुठं पडली तेही मला ठाऊक आहे.

"पूस ते," मी म्हणालो.

"पुसते ना. पण आली कुठून?" ती स्वतःशीच पुटपुटली. तिनं बटणं फिरवली, डोकं हलवलं. "काका, अजून थोडं चित्र शिल्लक आहे. तो नुसता उभाय."

६

तो उभा होता. पाठमोरा, दाराकडे तोंड करून, हात खाली सोडून. एक मिनिट झालं, दोन झाली. चित्र संपेना. रेकॉर्डिस्ट म्हणाली, कागदावर एवढं लांब लिहिलेलं नाही. मी घड्याळ बघितलं. सव्वाचार. घर इथून पाऊण तास.

मला कळून चुकलं होतं, की तो मी दिलेल्या आवाजावर चालतो. मी थांबलो की तो थांबतो. म्हणजे आता तो कशासाठी थांबला होता, हे सांगायला काही ज्योतिषी लागत नव्हता.

वेडेपणा वाटेल, पण मला त्या क्षणी भीती नव्हती. उलट बरं वाटलं. सदतीस वर्षांनी का होईना, माझ्या हातात ते करणं होतं. दाराचा आवाज द्यायचा, त्याला जाऊ द्यायचं, घरी जायचं, बायकोला सगळं सांगायचं आणि उद्या गाडीत खिडकीशी बसायचं. मी इतकाच विचार केला.

"दार उघडतो," मी रेकॉर्डिस्टला म्हणालो.

"पण चित्रात ते उघडत..."

"तू रेकॉर्डिंग चालू ठेव गं पोरी."

लाल दिवा लागला. मी मूठ धरली आणि दार ओढलं. मधली बिजागरी बोलली. आधी लांबलचक कूं, मग उचकी.

पडद्यावर फटीची काळी रेघ, जी मी सर्वांत बारीक ब्रशनं ओढली होती, ती रुंद झाली. बोटभर. मग वीतभर. आत काय होतं ते दिसलं नाही. तो माणूस निघाला. उजव्या गुडघ्यावर किंचित लचकत, अगदी माझ्यासारखा. मी पावलं देत नव्हतो. मी जागचा हललोही नव्हतो. तरी फळ्यांवर पावलं वाजत होती, माझ्या पाठीमागं, माझ्याच खोलीत.

उंबऱ्यात त्यानं मान थोडी वळवली. चेहरा नाही दिसला. कान दिसला. कानामागे पेन्सिल होती.

माझा हात माझ्या कानाकडे गेला. तिथं काही नव्हतं.

"झकास, काका!" रेकॉर्डिस्टचा आवाज आला. "संपलं! आता निघा बघू, काकू वाट बघत असतील."

मी "हो पोरी, निघतो" म्हणायला तोंड उघडलं. पण त्याआधीच कुणीतरी म्हणालं, "हो पोरी, निघतो." आवाज जरासा बसलेला, बरेच दिवस न बोललेल्या माणसाचा.

काचेपलीकडे ती हसत होती, हात हलवत होती. माझ्याकडे नव्हे. माझ्या डावीकडे, जिथून चार पायऱ्या वर जातात तिकडे. मी काचेवर दोन्ही हात आपटले. तिनं हेडफोन काढून टेबलावर ठेवले, पर्स घेतली आणि दिवा मालवला. काच काळी झाली. मग काळी काचही दिसेनाशी झाली.

ताज्या रंगाचा वास आला. पिवळ्या रंगाचा. सुताराला काय कळतं म्हणाल, पण मी रंगारीही होतो.

७

खुर्ची आहे. खिडकी आहे, तिच्यामागे रंगवलेलं आकाश. उजवीकडे दार आहे आणि ते मी किती छान रंगवलंय, हे आता मला जवळून बघायला मिळतंय. मुठीवर हात ठेवला तर हात सपाट भिंतीवर पडतो.

मी पहिल्यांदा चौथ्या बाजूला गेलो. मी काय नवखा आहे दाराकडे धावायला? पण चौथी भिंत लावलेली आहे. बोल्ट बाहेरून. माझाच नियम.

इथली एक गोष्ट मला सगळ्यात जास्त छळते. मी चालतो आणि आवाज होत नाही. पाय आपटून बघितले, खुर्ची आदळून बघितली, घसा फाटेस्तोवर ओरडलो. काही नाही. दारावर तीन ठोके दिले, मग दोन. माझ्याच कानांना ते ऐकू आले नाहीत. हाताला भिंत लागली तेवढंच. इथं आवाज बाहेरून द्यावा लागतो. कुणीतरी तिकडे बसून, माझ्याकडे बघून, माझ्यासाठी तो दिला पाहिजे. आणि ते काम करणारा या गावात एकच माणूस होता.

ऐकू मात्र सगळं येतं. दाराला कान लावला की बाहेरचं स्वच्छ येतं. म्हणून मी ऐकत बसलो.

चार पायऱ्या चढल्याचा आवाज, एक पाय जड. रस्ता. गाड्या. कुणीतरी म्हणालं, "काय बटाटेराव, संपलं का काम?" आणि तो बसका आवाज म्हणाला, "संपलं बुवा एकदाचं." पुढं बराच वेळ नुसतं चालणं. आमच्या गल्लीच्या कोपऱ्यावरची सैल फरशी वाजली. मी उठून उभा राहिलो. आमचा जिना. अठरा पायऱ्या, मी मोजल्या. बदलीचं कामच ते, दुसऱ्याच्या जागी जाऊन उभं राहायचं. कुणी त्याचं तोंड बघत नाही.

वळून बघ, मी ओरडत होतो. अगं, आज एकदा तरी मागं वळून बघ.

ती शब्दाला जागली होती. दार उघडंच होतं, ते आणखी ढकललं गेलं. दोन बिजागऱ्यांवरचा अर्धा आवाज तिकडून आला आणि उरलेला अर्धा इथं, माझ्या कानाशी.

"आलात एकदाचे," ती म्हणाली. वर्तमानपत्राचा कागद चुरगळला, ती कामातच होती. "आणि उजेड आहे तोवर आलात. खरं नाही वाटत मला."

एक जड पाऊल उंबरा ओलांडून आत पडलं.

"गुडघा फार दुखतोय का? पावलावरून कळलं मला. बसा, पाणी आणते." इतक्या मायेनं ती माझ्याशी शेवटची कधी बोलली होती, मला आठवेना. "जन्मभर तुमची वाट बघितली. आता कुठं जायचं नाही हं मला टाकून."

"नाही," तो म्हणाला. "कुठं नाही."

"मग लावून घ्या ते दार."

मी दोन्ही हात भिंतीवर टेकले आणि ढकलत राहिलो. आधी लांबलचक कूं आली, मग उचकी, आणि आमच्या घराचं दार लागलं.